काकांनी अभिनय केला

वयाची चाळिशी उलटली तरी घरात तिला सगळे बेबीच म्हणत. पडद्यावर मात्र तिच्या नावाच्या पाट्या एकीमागून एक येत: कथा, छायाचित्रण, संकलन, दिग्दर्शन. निर्माता म्हणून नवऱ्याचं नाव असे. तो दंतवैद्य होता. शहरातल्या लोकांना दात घासायचा कंटाळा आहे म्हणून आमच्या घरात कला टिकून आहे, असं तो भेटेल त्याला हसत सांगे.

तिच्या सिनेमांना चांगली लांबलचक, कवितेच्या ओळीसारखी नावं होती, पण ती कुणाच्या लक्षात राहत नसत. घरात पहिल्याला जिन्याचा सिनेमा म्हणत. त्यात एका सरकारी कचेरीचा जिना होता आणि त्यावरून लोक चढत-उतरत होते. कोण, कशासाठी, ते शेवटपर्यंत कळत नसे. दुसरा कपड्यांचा सिनेमा. समोरच्या इमारतीच्या गच्चीवर कपडे वाळत घातलेले, मधेच वारा सुटतो आणि एक टॉवेल उडून जातो. तोच काय तो कथेचा कळस. आईने तो सिनेमा डोळ्याला डोळा न लागू देता पाहिला आणि एवढंच विचारलं, "मग टॉवेल सापडला का त्यांना?" समीक्षकांनी दोन्ही सिनेमांना 'धाडसी' म्हटलं. समीक्षक असं म्हणतात तेव्हा धाडस प्रेक्षकाने करायचं असतं, हे बेबीला पुढे अनुभवाने कळलं.

तिसरा बाकड्याचा. एक म्हातारा बसस्थानकावर बाकड्यावर बसून मुलाची वाट बघतो. मुलगा येत नाही. संपला सिनेमा. यासाठी तिने नाटकातला एक नावाजलेला नट घेतला होता. तो पहिल्या दिवशी निमूट बसला, दुसऱ्या दिवशी चुळबुळत बसला आणि तिसऱ्या दिवशी उठून म्हणाला, "बाई, मला काहीतरी करायला द्या हो. निदान खोकू तरी द्या." बेबीने खोकू दिलं नाही. त्याच आठवड्यात त्याला एका मालिकेत जावयाच्या थोबाडीत मारणाऱ्या सासऱ्याचं काम मिळालं आणि तो उड्या मारत निघून गेला.

बसस्थानकाची परवानगी संपत आली होती. दुसरा नट शोधायला ना वेळ होता ना ताकद. अशा वेळी माणूस घरच्यांकडे वळतो, तशी बेबी काकांकडे वळली.

काका म्हणजे तिच्या वडिलांचे धाकटे भाऊ. उभा जन्म त्यांनी एका विमा कंपनीत तक्रारींच्या खिडकीमागे काढला होता. काचेपलीकडून कुणी ओरडे, कुणी रडे, कुणी कागद फेकून मारी. काका सगळ्यांकडे एकाच चेहऱ्याने बघत. त्या चेहऱ्यावर राग नसे, दया नसे, कंटाळासुद्धा नसे. 'उद्या या' एवढे दोनच शब्द त्यातून बाहेर पडत, आणि तेही ओठ न हलवता. निवृत्तीच्या दिवशी साहेबांनी भाषणात त्यांचा उल्लेख 'कंपनीची भिंत' असा केला होता, आणि काकांना तो मान वाटला होता.

"काका, काही म्हणजे काही करायचं नाही," बेबीने समजावलं. "समोर बघायचं आणि मनात काही आणायचं नाही."

"त्याची मला सवय आहे," काका म्हणाले आणि बसले.

ते असे बसले की बसस्थानकावरच्या दोन प्रवाशांनी त्यांना बसची वेळ विचारली. बाकडं फार बुटकं होतं. काकूने घरून उशी पाठवली, ती कॅमेऱ्यात दिसते म्हणून बेबीने परत पाठवली. काकांनी त्याबद्दलही अक्षर काढलं नाही. चहा वेळेवर मिळावा, एवढीच त्यांची अट होती.

हा सिनेमा परदेशातल्या एका महोत्सवात निवडला गेला. तळ्याकाठचं देखणं शहर होतं. बेबी गेली, काका गेले, आणि काकांना गोळ्या वेळेवर द्यायला कोणी हवं म्हणून काकूही गेली. शेवटच्या दिवशी सर्वोत्कृष्ट अभिनेता म्हणून काकांचं नाव पुकारलं गेलं, तेव्हा काकांना वाटलं, जेवायला बोलावताहेत. परीक्षकांच्या प्रमुख बाई डोळे पुसत माइकवर म्हणाल्या, "या चेहऱ्यात एका अख्ख्या शतकाचं दुःख साठलेलं आहे."

दुभाष्याने ते सांगताच काकू बेबीच्या कानाला लागली. "शतकाचं कसलं डोंबलाचं! भाजी आणून द्या म्हटलं की हाच चेहरा होतो."

मग पत्रकार जमले. एका तरुण पत्रकाराने अगदी हलक्या आवाजात विचारलं, "त्या प्रदीर्घ दृश्यात तुमच्या मनात काय चाललं होतं?"

काका खोटं बोलणारे नव्हते. "गुडघा," ते म्हणाले.

दुभाषी क्षणभर थांबला. मग त्याने सांगितलं, "देहाची वेदना." सगळ्यांच्या माना एकदम खाली गेल्या आणि पेनं चालू लागली.

"आणि ती बस तुमच्यासमोरून निघून जाते तेव्हा?"

"ती आमच्या बाजूला जात नाही."

"परतीचे सगळे रस्ते बंद झाले आहेत, असं ते म्हणतात," दुभाषी म्हणाला, आणि टाळ्यांचा कडकडाट झाला. बेबीने दुभाष्याकडे बघितलं. तो माणूस सिनेमात असायला हवा होता, असं तिला वाटून गेलं.

घरी परतल्यावर काकांचे दिवस फिरले. वर्तमानपत्रात त्यांचा मोठा फोटो आला. शेजारी बेबीही उभी होती, पण छापताना जागा कमी पडली असावी. तिचा फक्त कोपर आला. काकांनी तो फोटो दारासमोरच्या भिंतीवर लावला. त्यांनी गळ्यात मफलर घालायला सुरुवात केली, तीही उन्हात. बोलण्यात 'आमच्या क्षेत्रात' असे शब्द येऊ लागले. मग त्यांनी सोसायटीच्या सभागृहात 'स्तब्ध अभिनय शिबिर' सुरू केलं. निवृत्त मंडळी प्लास्टिकच्या खुर्च्यांवर रांगेने बसत आणि काका हात मागे बांधून मधून फिरत. "हललात!" असा आवाज मधूनच घुमे. पहिल्या तुकडीत जे गृहस्थ सगळ्यांत पुढे गेले ते मुळात झोपलेले होते, हे शेवटपर्यंत कुणाच्या लक्षात आलं नाही.

शिबिराच्या समारोपाला बेबीला बोलावलं होतं. सूत्रसंचालकांनी तिची ओळख करून दिली: "या काकांच्या पुतण्या. काकांच्या चित्रपटात कॅमेऱ्याकडेही यांनीच लक्ष दिलं होतं."

बेबी हसली. नवऱ्याने तिच्या हातावर हळूच थोपटलं. दुखणाऱ्या दाताला हात लावण्यापूर्वी तो असाच थोपटत असे.

त्या दिवशी काकूने तिला घरी नेऊन स्वयंपाकघरात ओढलं आणि दबक्या आवाजात सांगितलं, "अगं, हल्ली आतल्या खोलीत दार लावून आरशासमोर रडतात. पहिल्यांदा मी घाबरले, म्हटलं छातीत दुखतंय की काय. दार वाजवलं तर म्हणतात, थांब, आत्ताच कुठे सूर लागलाय."

बेबीने ते हसण्यावारी नेलं. तिथे चुकलं.

थोड्याच दिवसांत एक निर्माता स्वतःहून घरी आला. त्याचा फरश्यांचा कारखाना होता. बाकड्याचा सिनेमा त्याने बघितला नव्हता, पण वर्तमानपत्रातला फोटो बघितला होता. "मला असाच सिनेमा काढायचाय," तो म्हणाला, "दुःखी. पण जरा चकचकीत." अटी दोन होत्या. काम काकांनीच करायचं, आणि सिनेमातल्या घराला त्याच्या फरश्या हव्यात. दातांच्या जिवावर सिनेमे काढून बेबीला लाज वाटू लागली होती. तिने दोन्ही अटी मान्य केल्या.

तिची गोष्ट साधी होती. एका निवृत्त शिक्षकाने घर विकलंय. नव्या मालकाला किल्ली देण्याआधी तो शेवटचा एकदा खोल्यांमधून फिरतो. सगळ्या सिनेमात तीन वाक्यं. काकांनी पटकथा वाचली आणि समाधानाने मान डोलावली. "वाव आहे," ते म्हणाले. बेबीने तेव्हाच सावध व्हायला हवं होतं.

पहिल्याच दिवशी शिक्षकाने आपल्या बायकोच्या खोलीचं दार बंद करण्याचं दृश्य होतं. काका दाराशी आले. त्यांची एक भुवई वर गेली. मग दुसरी गेली. खालचा ओठ थरथरला, हात छातीशी आला आणि ते भिंतीला पाठ लावून हळूहळू घसरत चकचकीत फरशीवर बसले.

"कट," बेबी म्हणाली. "काका, काय झालं?"

"कोसळलो."

"का?"

"आतून."

फरशीवाले निर्माते मॉनिटरसमोर बसून रुमाल शोधत होते. "वा! काय काम आहे!" ते म्हणाले. "आणि फरशी कशी उठून दिसतेय!"

बेबीने काकांना बाजूला घेतलं. "काका, मागच्या वेळी नुसते बसला होतात ना, तसं करा. काही करू नका."

"मागच्या वेळी मला येत नव्हतं, बेबी," काका समजुतीच्या स्वरात म्हणाले. "आता येतं."

पुढचे दिवस तिच्या नाकी नऊ आले. काका खिडकी उघडताना थरथरत, किल्ली उचलताना तिला डोळ्यांशी लावत, आणि तीन वाक्यांमध्ये एवढे उसासे घालत की ती तेरा वाटू लागली. बेबीने विनवून पाहिलं, रागावून पाहिलं. निर्माते काकांच्या बाजूचे. शेवटी तिने एक युक्ती काढली. कॅमेऱ्याच्या लाल दिव्यावर तिने काळी चिकटपट्टी लावली, आवाजवाल्याला विश्वासात घेतलं, आणि 'कट' म्हटल्यावर चित्रण थांबवायचंच सोडून दिलं.

"दिवे बदलायचेत, काका, जरा टेका," ती म्हणे. आणि काका टेकत. मफलर सैल होई, भुवया जागेवर येत, आणि तो जुना, रिकामा, अथांग चेहरा परत येई. डबा आला का म्हणून खिडकीतून बघणारे काका. चष्मा कुठे ठेवला ते आठवणारे काका. हातातली किल्ली हातातच विसरून, चहाची वाट बघत रिकाम्या खोलीत बसलेले काका. बेबी श्वास रोखून टिपत होती. कित्येक दिवसांनी तिला आपल्या कामाची गोडी लागली होती. आपण कुणाला फसवतोय असं तिला वाटलं नाही. दिग्दर्शनाचीच एक पद्धत आहे असं वाटलं.

शेवटी रडण्याचं दृश्य आलं. पटकथेत ते नव्हतं. काकांनी मागितलं आणि निर्मात्यांनी दिलं. काकांनी ग्लिसरीन नको म्हणून सांगितलं. रिकाम्या घराच्या मधोमध ते उभे राहिले आणि रडले. खांदे हलवत, तोंड वेडंवाकडं करत, मोठ्याने रडले. दृश्य संपलं तरी हुंदके थांबेनात. सेटवर सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. बेबीने फोकस तपासला आणि मनात म्हणाली, हे काही आपण ठेवत नाही.

आणि ठेवलं नाहीच. संकलनाला बसली तेव्हा तिने काकांचा सगळा अभिनय एकीकडे काढला आणि उरलेल्यातून सिनेमा उभा केला. निर्मात्यांना तिने आधी तुकडे दाखवले. फरशी प्रत्येक दृश्यात होती. ते खूश झाले.

पहिल्या खेळाला काका नवा कोट घालून आले होते. दुसऱ्या रांगेत बेबीचा नवरा, आई, काकू आणि काका. दिवे मालवले. सुरुवातीला काका खुर्चीत ऐटीत रेलले होते. मग थोडे पुढे झुकले. मग आणखी. दाराच्या दृश्यात भिंतीवरून घसरणं नव्हतं. किल्ली डोळ्यांशी गेली नाही. पडद्यावर ते नुसते खिडकीबाहेर बघत होते आणि मागच्या रांगेत कुणीतरी हुंदका दाबला.

"अहो, हे तर तुम्ही डब्याची वाट बघताय!" काकू पुटपुटली. "त्या दिवशी मला उशीर झाला होता ना, तेव्हाचं!"

 रडणं येईल म्हणून काका शेवटपर्यंत वाट बघत राहिले. त्याऐवजी दार लागलं आणि पडदा काळा झाला. लोक उभे राहून टाळ्या वाजवू लागले. बेबी पुढे गेली, हार्दिक वगैरे आभार मानले, आणि काकांना पुढे बोलावलं. दुसऱ्या रांगेतली खुर्ची रिकामी होती.

ते बाहेर व्हरांड्यात, पाणी प्यायच्या यंत्रापाशी उभे होते. काकू त्यांचा कोट धरून शेजारी.

"काका, लोक बोलावताहेत. त्यांना तुमचं काम फार आवडलंय."

"माझं काम कुठे होतं त्यात?" काका म्हणाले. "चांगला असेल सिनेमा. पण त्यात मी नाही, बेबी. त्यात माझी विश्रांती आहे."

"तसं नाही, काका. तुम्ही काही करत नसता ना, तेव्हाच तुम्ही सगळ्यात..."

"ते मला माहीत आहे!" काकांचा आवाज एकदम चढला. काकूने त्यांच्याकडे चमकून पाहिलं. इतक्या वर्षांच्या संसारात तिने तो आवाज ऐकला नव्हता. "आयुष्यभर खिडकीत बसून हेच केलं मी. लोक रडून जायचे. बायका पोरं घेऊन यायच्या. मला काही वाटत नव्हतं का? पण दाखवायचं नाही, अशी नोकरी होती. चेहरा मेला माझा. तुझ्या सिनेमात तो पहिल्यांदा हलला, आणि तू तेवढंच कापलंस."

 काकूने काकांच्या खांद्यावर कोट टाकला आणि दोघं जिना उतरून गेली.

सिनेमा गाजला. समीक्षकांना या वेळी 'धाडसी' शब्द अपुरा वाटला; त्यांनी बेबीच्या दृष्टीला 'करुणामय' म्हटलं. एका मुलाखतीत तिला विचारलं गेलं, "नटाकडून इतकं खरं काम तुम्ही कसं करून घेतलंत?" "विश्वासाने," ती म्हणाली, आणि ठसका लागला म्हणून पाणी प्यायली. बक्षिसं घ्यायला ती एकटीच जात होती. काकांना फोन केला की काकू उचलायची. "झोपलेत," म्हणायची. भर सकाळी.

एका रविवारी दवाखाना बंद होता. बेबीने टाकून दिलेलं ते रडण्याचं दृश्य काढलं आणि पुन्हा लावलं. आपण काही हरवून बसलो असू तर ते आता दिसेल, अशी तिला आशा होती. तसं काही दिसलं नाही. अभिनय वाईटच होता. हात कुठे ठेवावेत ते कळत नव्हतं, तोंड कॅमेऱ्याकडे जास्तच वळत होतं. नवरा केव्हा मागे येऊन उभा राहिला ते तिला कळलं नाही.

"वाईट आहे ना?" तिने विचारलं.

"फारच वाईट आहे," तो नाक ओढत म्हणाला. "परत लाव."

दुसऱ्या दिवशी ती काकांच्या घरी गेली. काका दाराशी आले. मागे वळले नाहीत, हेच पुष्कळ होतं.

"मी तुम्हाला विचारायला हवं होतं," ती म्हणाली. "चोरून काढलं, ते चुकलं. तुम्ही म्हणाल तर रडण्याचं दृश्य परत घालते. अजून पुढे बऱ्याच ठिकाणी लागायचाय सिनेमा."

 "चांगलं होतं का ते?" काकांनी विचारलं.

बेबीने खोटं बोलायचं ठरवलं होतं. पण ऐनवेळी तिच्याच्याने होईना. "नाही, काका. पण खरं होतं."

"हं." काका खुर्चीत बसले. "मग नको घालूस. तुझा सिनेमा आहे, लोकांना आवडलाय, उगाच बिघडवू नकोस." मग त्यांचा चेहरा उजळला. "आणि मला आता गरजही नाही. मालिका मिळाली आहे. आजोबांचं काम. मुलगे घर वाटून घेतात आणि आजोबा रोज रडतात. रोज!"

"सांगा तिला," काकू आतून ओरडली, "ग्लिसरीन घेत नाहीत म्हणून काय कौतुक चाललंय ते!"

बेबीच्या पुढच्या सिनेमाला निर्माता मिळाला नाही. फरशीवाले म्हणाले, काका असतील तर बघू. काका मालिकेत गुंतलेले. शिवाय बेबीच्या नव्या पटकथेत माणसं नव्हतीच. ती एका बंद पडलेल्या गिरणीच्या भोंग्याबद्दल होती. नवऱ्याच्या दवाखान्यातली खुर्ची मोडली होती, आधी ती दुरुस्त करणं भाग होतं. तेवढ्यात काकूचा फोन आला की मालिकेचा कॅमेरामन सोडून गेलाय आणि काकांनी तिथल्या लोकांना बेबीचं नाव सुचवलंय. "म्हणतात, हिचा हात स्थिर आहे," काकू म्हणाली. "जा. त्यांनी शब्द टाकलाय तर नाही म्हणू नकोस."

बेबी गेली. मालिकेचा सेट म्हणजे तीन भिंतींचं घर होतं. चौथ्या भिंतीच्या जागी ती उभी. दिग्दर्शक वयाने तिच्या निम्मा, हातात बिस्किटाचा पुडा. त्याने तिचा एकही सिनेमा पाहिला नव्हता आणि तसं त्याने मोकळेपणाने सांगितलंही. "ताई, इथे फार विचार करायचा नाही. चेहरा जवळून घ्यायचा, आसू दिसला पाहिजे."

काका मधोमध बसले. तिच्याकडे बघून त्यांनी किंचित मान हलवली. मालिकेतल्या धाकट्या मुलाने घराची वाटणी मागितली, संगीताची जागा सोडायची म्हणून सगळे थोडा वेळ गप्प राहिले, आणि काका रडू लागले. भुवया वर गेल्या, ओठ थरथरला, हात छातीशी आला. बेबीने भिंगातून बघितलं. एकेक सुरकुती हलत होती. काका थोडे डावीकडे कलले तशी तीही त्यांच्याबरोबर कलली; डोळ्यातून निघालेला थेंब नाकाच्या कडेने हनुवटीवर येईपर्यंत तिने तो एकदाही धूसर होऊ दिला नाही.

"कट! झकास!" दिग्दर्शक ओरडला. "काका, आता हेच परत. ताई, तुम्ही उजवीकडून घ्या."

"परत?" काका रुमालाने तोंड पुसत म्हणाले. त्यांना आनंद लपवता येत नव्हता. "येतं की. बेबी, तुझं होईपर्यंत मी जरा पाणी पितो. रडून घसा फार सुकतो गं."

"सावकाश प्या, काका," बेबी म्हणाली, आणि कॅमेरा उचलून उजवीकडे लावायला लागली.